मैलापूरची कबर आणि तिची माती

मुंबईच्या चर्चगेट स्थानकाला ज्या चर्चमुळे हे नाव मिळाले, ते चर्च स्थानकापासून काहीसे दूर, जुन्या किल्ल्याच्या हद्दीत उभे आहे. १७१८ च्या नाताळात ते उपासनेसाठी खुले झाले. किल्ल्याच्या तटातील जी वेस या चर्चच्या वाटेवर होती, तिला लोक ‘चर्चगेट’ म्हणू लागले. तट आणि वेस दोन्ही एकोणिसाव्या शतकात पाडण्यात आली. नाव तेवढे राहिले. हे चर्च संत थॉमस यांच्या नावाने उभारलेले आहे. वसईजवळच्या सांडोर येथील चर्चही त्यांचेच, आणि चौदाव्या शतकाच्या आरंभी सोपाऱ्यास ख्रिस्ती लोकांची जी लहानशी वस्ती होती, तिचे प्रार्थनामंदिरदेखील थॉमस यांच्याच नावाचे होते. दूर पॅलेस्टाइनमधल्या एका यहुदी मनुष्याचे नाव कोकणपट्टीत असे पुन्हा पुन्हा भेटते, याचे कारण उघड आहे. भारतातील ख्रिस्ती परंपरा थॉमस यांना आपले आद्य प्रचारक मानते, आणि त्यांची कबर या देशातच, पूर्व किनाऱ्यावर चेन्नईतील मैलापूर येथे आहे, असे सांगते.

मराठी बायबलात त्यांना ‘थोमा’ म्हटले आहे. अरमाइक भाषेत या शब्दाचा अर्थ ‘जुळा’ असा होतो. येशूच्या बारा शिष्यांपैकी ते एक. गुरू मरणानंतर पुन्हा उठले, ही वार्ता इतरांनी सांगितली तेव्हा जखमांच्या खुणांत स्वतः बोट घातल्याखेरीज आपण विश्वास ठेवणार नाही, असे त्यांनी स्पष्ट सांगितले, ही योहानाच्या शुभवर्तमानातील कथा सुपरिचित आहे. प्रत्यक्ष स्पर्शाखेरीज न मानणाऱ्या या शिष्याच्या कबरीबाबत मात्र इतिहासकाराच्या हाती स्पर्श करण्याजोगे फारसे काही लागत नाही. जे लागते ते निराळ्याच प्रकारचे आहे आणि तेच येथे पाहावयाचे आहे.

प्रथम स्थळांची ओळख करून घेऊ. चेन्नईच्या पश्चिमेस अंबत्तूर हे उपनगर आहे. एके काळी शेती आणि मोठा तलाव यांसाठी ओळखले जाणारे हे गाव कारखान्यांच्या वसाहतीमुळे वाढले आणि २०११ मध्ये महानगरपालिकेत सामील झाले. तेथून पूर्वेकडे, संपूर्ण शहर ओलांडून समुद्रकाठी गेले की मैलापूर लागते. तेथील किनाऱ्यालगतच्या भागास पोर्तुगीजांनी दिलेले ‘सांथोम’ हे नाव आजही रूढ आहे, आणि कबर आहे ती तेथील बॅसिलिकेत. नैर्ऋत्येस सैदापेटजवळ चिन्नमलै ही लहान टेकडी असून थॉमस तिच्या गुहेत लपून राहिले होते, असे सांगतात. त्याच दिशेने आणखी पुढे परंगिमलै, म्हणजे ‘फिरंग्यांची टेकडी’, येते. त्यांना मरण आले ते या टेकडीवर, अशी समजूत आहे. लपण्याची जागा, मरणाची जागा आणि पुरल्याची जागा अशी या महानगरातली तीन ठिकाणे एका कथेने बांधलेली आहेत. अंबत्तूरपासून समुद्रापर्यंतचे कॅथलिक लोक ज्या महाधर्मप्रांतात मोडतात, त्याचे नावदेखील १९५२ पासून ‘मद्रास–मैलापूर’ असेच आहे.

कबरीला एवढे महत्त्व का असावे, असा प्रश्न वाचकाच्या मनात येईल. आळंदीची वाट ज्याला ठाऊक आहे त्याला ते फार समजावून सांगावे लागू नये. आरंभीच्या काळातील ख्रिस्ती लोक श्रद्धेसाठी प्राण दिलेल्यांच्या कबरींपाशी त्यांच्या स्मृतिदिनी जमत आणि तेथेच उपासना करीत. पुढे त्या कबरींवर चर्च उभी राहिली. रोममध्ये पेत्र, एफिसस येथे योहान, स्पेनमधील कोंपोस्तेला येथे याकोब अशी ही परंपरा आहे. प्रेषितांच्या कबरीवर बांधलेली चर्च जगात केवळ तीनच असून सांथोम त्यांपैकी एक आहे, हे वाक्य प्रवासी मार्गदर्शिकांतून हटकून आढळते. ते अक्षरशः घेऊ नये. इटलीतील सालेर्नो येथे मत्तयाच्या आणि अमाल्फी येथे अंद्रियाच्या अस्थी आहेत असे तेथील लोक मानतात, आणि तेथेही मोठी चर्च आहेत. कबर अनेकदा एका गावी असते आणि अस्थी दुसऱ्या गावी, ही गोष्टही या यादीवरून ध्यानात येते. थॉमस यांच्या बाबतीत तर हा फरक कथेच्या मुळापासूनच आहे.

त्यांच्याविषयीचा सर्वांत जुना सविस्तर ग्रंथ म्हणजे ‘थॉमसची कृत्ये’. तो तिसऱ्या शतकाच्या पूर्वार्धात, बहुधा एडेसा या नगरीत, सिरियाक भाषेत रचला गेला. एडेसा म्हणजे आजच्या तुर्कस्तानातील उर्फा. कोणी कोणत्या देशी जावे हे ठरविण्यासाठी शिष्यांनी चिठ्ठ्या टाकल्या, तेव्हा थॉमस यांच्या वाट्याला हिंदुस्थान आला. त्यांनी जाण्याचे नाकारले. मग येशूने प्रकट होऊन त्यांना हब्बान नावाच्या व्यापाऱ्याला गुलाम म्हणून विकून टाकले! हा व्यापारी गुदनाफर राजासाठी सुतारकाम आणि बांधकाम जाणणारा माणूस शोधीत होता. राजाने राजवाड्यासाठी दिलेले धन थॉमस यांनी गोरगरिबांना वाटून टाकले आणि वाडा स्वर्गात बांधून झाला आहे, असे राजाला सांगितले. ग्रंथाच्या अखेरीस ते मझदाई नावाच्या दुसऱ्या राजाच्या राज्यात जातात. तेथे राजाच्या आज्ञेने चार सैनिक त्यांना नगराबाहेरच्या डोंगरावर नेऊन भाल्यांनी ठार मारतात आणि पूर्वीच्या राजांच्या दफनस्थानी त्यांना पुरण्यात येते.

याच्यापुढचा प्रसंग विशेष लक्ष देऊन वाचण्याजोगा आहे. काही काळाने मझदाईच्या मुलाला भूतबाधा होते. प्रेषिताचे एखादे हाड मुलाच्या अंगावर बांधावे, या विचाराने राजा कबर उघडतो. आत हाडे नसतात, कारण अनुयायांपैकी एकाने ती गुपचूप पश्चिमेकडे नेलेली असतात. तेव्हा राजा ती जेथे होती तेथील धूळ उचलतो, ती मुलाला लावतो, आणि मुलगा बरा होतो.

म्हणजे ज्या ग्रंथात या कबरीचा पहिला उल्लेख आहे, त्याच ग्रंथात ती रिकामी झालेली आहे. शिल्लक राहिली ती माती, आणि तिच्यात गुण होता.

हा ग्रंथ इतिहास म्हणून वाचता येत नाही. त्यात बोलणारे गाढव आहे आणि सर्पही आहे. एकोणिसाव्या शतकापर्यंत गुदनाफर राजा हीदेखील कल्पनेचीच निर्मिती समजली जात असे. मग १८३० नंतरच्या दशकात अफगाणिस्तान आणि पंजाबच्या परिसरात सापडलेल्या नाण्यांवर ‘गोंडोफेरस’ हे नाव वाचण्यात आले. पेशावरच्या परिसरातील तख्त-ए-बाही येथील शिलालेखात त्याच्या कारकीर्दीचे २६ वे वर्ष आणि १०३ हा संवत्सर नोंदलेला आढळला. हा संवत्सर विक्रम शकाचा मानल्यास इ. स. ४६ हे वर्ष येते, म्हणजे थॉमस यांचाच काळ. या शोधाने ग्रंथ खरा ठरला असे नव्हे. त्याच्या कर्त्याला वायव्य हिंदुस्थानातील एका खऱ्या राजाचे नाव दीडशेहून अधिक वर्षांनंतरही ठाऊक होते, एवढे मात्र सिद्ध झाले, आणि ते थोडे नव्हे. तथापि गोंडोफेरसचे राज्य तक्षशिलेच्या बाजूला होते. मैलापूर तेथून फार दूर. मझदाई हे नाव तर इराणी वळणाचे दिसते. ‘कृत्ये’ या ग्रंथात मैलापूरचा उल्लेख कोठेही नाही. नंतरचे काही ग्रीक आणि लॅटिन लेखक मृत्यूचे ठिकाण म्हणून ‘कालामिना’ असे नाव देतात, पण ते गाव नेमके कोणते याचा निर्णय आजवर झालेला नाही. शिवाय त्या काळच्या पाश्चात्त्य लेखकांच्या दृष्टीने ‘इंडिया’ हा शब्द इतका सैल होता की, दक्षिण अरबस्तान आणि इथिओपियादेखील कधीकधी त्यात सामावत.

केरळातील सिरियन ख्रिस्ती लोकांची परंपरा याहून वेगळी आहे. थॉमस इ. स. ५२ मध्ये कोडुंगल्लूरच्या बंदरी उतरले, त्यांनी सात ठिकाणी मंडळ्या स्थापन केल्या, आणि इ. स. ७२ मध्ये मैलापूर येथे त्यांना मरण आले, असे ती सांगते. या तारखांना समकालीन लेखी आधार नाही. मात्र त्या काळी रोमन साम्राज्य आणि मलबारचा किनारा यांच्यात मिऱ्यांचा मोठा व्यापार चालत होता, आणि पुदुच्चेरीजवळच्या अरिकमेडू येथील १९४५ च्या उत्खननात रोमन जगातून आलेली भांडी सापडली. तेव्हा त्या शतकात भूमध्य समुद्राकडचा मनुष्य तमिळ किनाऱ्यावर येणे अशक्य नव्हते, असे म्हणता येते. शक्य असणे आणि घडलेले असणे यांत अंतर आहे. या विषयावरील कित्येक पुस्तकांत ते अंतर लेखकाच्या उत्साहात बुजून गेलेले दिसते.

अस्थींचा प्रवास हा या कथेचा अधिक चांगला नोंदलेला भाग होय. चौथ्या शतकात एडेसा नगरीस आपल्याजवळ थॉमस यांच्या अस्थी आहेत याचा मोठा अभिमान होता. तेथील कवी संत एफ्रेम हे ३७३ मध्ये निवर्तले. एका व्यापाऱ्याने हिंदुस्थानातून अस्थी आणल्या, असे त्यांच्या स्तोत्रांत येते, आणि काही अंश तिकडेच राहिला, असेही त्यांत सूचित होते. चौथ्या शतकाच्या अखेरच्या पर्वात एगेरिया नावाची एक पाश्चात्त्य यात्रेकरू स्त्री मुद्दाम एडेसाला जाऊन हे स्मारक पाहून आली. ३९४ मध्ये अस्थी तेथील मोठ्या चर्चमध्ये हलविण्यात आल्या. पुढे ११४४ मध्ये एडेसा पडले, आणि परंपरेनुसार अस्थी एजियन समुद्रातील खिओस बेटावर गेल्या. तेथून १२५८ मध्ये इटलीतील ओर्तोना गावच्या खलाशांनी कबरीवरच्या शिळेसह त्या उचलून आपल्या गावी आणल्या. ओर्तोनाच्या चर्चमध्ये त्या आजही आहेत. भारताच्या डाक खात्याने १९६४ मध्ये संत थॉमस यांचे तिकीट काढले, तेव्हा त्यावरील मुद्रा ओर्तोना येथील मूर्तीवरूनच घेतलेली होती.

अस्थी गेल्या, तरी हिंदुस्थानातील जागा विसरली गेली नाही. सहाव्या शतकात फ्रान्समधील तूर येथील बिशप ग्रेगरी याने थिओडोर नावाच्या एका प्रवाशाच्या तोंडून ऐकलेली हकीकत लिहून ठेवली आहे. थॉमस यांचा देह प्रथम जेथे होता, त्या हिंदुस्थानातील ठिकाणी एक मठ आणि भव्य चर्च असून तेथे अखंड दीप तेवतो, असे तो म्हणतो. इंग्लंडच्या अँग्लो-सॅक्सन बखरीत ८८३ या वर्षाखाली, राजा आल्फ्रेडने संत थॉमस यांच्यासाठी हिंदुस्थानात दान पाठविल्याची नोंद आहे. काही हस्तलिखितांत ‘इंडिया’ऐवजी ‘ज्यूडिया’ असा पाठ असल्यामुळे ती वादग्रस्त आहे. १२९१ च्या सुमारास चीनकडे निघालेला फ्रान्सिस्कन संन्यासी मोंतेकोर्विनोचा जॉन या चर्चच्या परिसरात तेरा महिने राहिला, आणि वाटेत वारलेला आपला सोबती पिस्तोइयाचा निकोलस याला त्याने तेथेच पुरले. एका जुन्या कबरीशेजारी ही एक नवी कबर, आणि ती मात्र पूर्णपणे इतिहासातली.

त्यानंतर लगोलग मार्को पोलोचा वृत्तान्त येतो. तो १२९२–९३ च्या सुमारास या किनाऱ्याने गेला. आपल्याकडे ज्ञानेश्वरी सिद्ध होऊन अवघी दोन-तीन वर्षे झाली होती, असे म्हटले की काळाची कल्पना येईल. तो सांगतो की ही कबर एका लहानशा गावी आहे, तेथे व्यापाराजोगे काही नसल्यामुळे व्यापारी फारसे फिरकत नाहीत, पण ख्रिस्ती आणि मुसलमान दोघेही यात्रेला येतात. संताला जेथे मरण आले, तेथील तांबडी माती यात्रेकरू घेऊन जातात आणि दिवसाआड किंवा दोन दिवसांआड ताप येणाऱ्या रोग्याला ती पाण्यातून पाजतात.

तिसऱ्या शतकातल्या सिरियाक ग्रंथातील धूळ आणि तेराव्या शतकातल्या तमिळ किनाऱ्यावरील ही तांबडी माती यांच्यात हजार वर्षांचे अंतर आहे. मैलापूरच्या लोकांनी तो ग्रंथ वाचला होता म्हणून ते माती घेत, की पूर्वेकडील सिरियाक चर्चच्या धर्मगुरूंबरोबर ती कथा येथे आली होती, हे ठरविणे कठीण आहे. संतांच्या स्थानाची धूळ, तेल किंवा पाणी औषध म्हणून घेणे ही त्या चर्चची रीत होती, आणि भारतीय मनालाही अंगारा-विभूती नवखी नव्हती. अस्थी नसलेल्या कबरीला जिवंत ठेवण्यास ही माती पुरेशी झाली, असे मला वाटते.

मार्को पोलोच्या कथेत संताच्या मृत्यूचे कारण मात्र बदललेले आहे. भाले नाहीत, राजाची आज्ञा नाही. थॉमस आपल्या झोपडीबाहेर रानात प्रार्थना करीत बसले होते, भोवती मोर होते, आणि मोरावर सोडलेला एका माणसाचा बाण चुकून त्यांना लागला. मैलापूर हे नाव तमिळमधील ‘मयिल’ म्हणजे मोर या शब्दाशी जोडले जाते. तेथील कपालीश्वराच्या देवळाच्या स्थलपुराणातही पार्वतीने मोराच्या रूपाने शिवाची आराधना केल्याचे सांगतात. परदेशातून आलेली कथा या गावाच्या नावात आणि मोरांत मिसळून गेली, हे येथे स्पष्ट दिसते.

त्याच देवळाशी निगडित अशी आणखी एक आख्यायिका आहे, आणि ती या विषयाला इतकी लागून आहे की तिचा उल्लेख टाळणे योग्य होणार नाही. शिवनेशन नावाच्या व्यापाऱ्याची कन्या पूंपावै सर्पदंशाने मरण पावली. बापाने तिच्या अस्थी आणि राख एका घटात जपून ठेवली. सातव्या शतकातील शैव संतकवी तिरुज्ञानसंबंधर मैलापूरला आले, त्यांनी त्या घटासमोर पद गाइले आणि मुलगी जिवंत होऊन बाहेर आली. एकाच गावात अस्थींच्या घटाची एक कथा आणि रिकाम्या कबरीतील मातीची दुसरी कथा नांदत होती. एकीने दुसरीवर परिणाम केला असे म्हणण्यास आधार नाही. परंतु मृत देहाच्या शेषात सामर्थ्य असते, ही कल्पना तेथल्या माणसाला सांगावी लागत नव्हती.

मार्को पोलोनंतर सुमारे तीस वर्षांनी इटलीतील पोर्देनोने गावचा संन्यासी ओदोरिक मैलापुरास आला. त्याच्या सामानात माणसांची हाडे होती आणि ती ठाणे–सोपाऱ्याहून आणलेली होती. थॉमस यांच्या अस्थींचे काय झाले असावे हे समजण्यास ही महाराष्ट्रातली हकीकत फार उपयोगी पडते, कारण ती घडल्यावर थोड्याच काळात लिहिली गेली.

१३२१ च्या वसंतात चार फ्रान्सिस्कन आणि जोर्दानुस नावाचा एक डोमिनिकन संन्यासी इराणच्या आखाताकडून क्विलोनला, म्हणजे कोल्लमला, जाण्यास निघाले. त्यांचे गलबत ठाण्यास लागले. जोर्दानुस बाहेरगावी गेला असताना मागे राहिलेल्या चौघांना काजीपुढे नेण्यात आले. तेथे धर्मावरून वाद झाला आणि त्यातून तोलेंतिनोचा थॉमस, पादुआचा जेम्स आणि तिफ्लिसचा देमेत्रिउस हे ९ एप्रिल रोजी आणि सिएनाचा पीटर ११ एप्रिल रोजी मारले गेले. जोर्दानुसने परत येऊन त्यांचे देह सोपाऱ्यास नेले आणि तेथील संत थॉमसच्या चर्चमध्ये पुरले. त्याची स्वतःची पत्रे उपलब्ध आहेत. पुढच्या वर्षाच्या सुमारास ओदोरिक तेथे आला, त्याने कबर उकरली, अस्थी गोळा केल्या आणि त्या घेऊन तो समुद्रमार्गे निघाला. वाटेत वारा पडला. हिंदू आणि मुसलमान उतारूंनी आपापल्या परीने प्रार्थना केल्या, पण वारा सुटेना. शेवटी आपण एक हाड गुपचूप समुद्रात टाकविले आणि लगेच अनुकूल वारा सुटला, असे तो लिहितो. उरलेल्या अस्थी त्याने चीनमधील झैतून, म्हणजे आजचे च्वानचौ, येथील आपल्या पंथाच्या मठात नेऊन ठेवल्या.

दफन झाल्यापासून अस्थी पुन्हा प्रवासाला निघेपर्यंत दोन-तीन वर्षांचाही काळ गेला नाही. देहाचा एक भाग समुद्रात, एक भाग चीनमध्ये. तोलेंतिनोच्या थॉमसचे शिर तर पुढे इटलीत त्याच्या गावी पोचले. एडेसाच्या त्या निनावी व्यापाऱ्याने मैलापुराहून, किंवा हिंदुस्थानातील दुसऱ्या एखाद्या गावाहून, काय आणि किती नेले असेल याची कल्पना या उदाहरणावरून करता येते. कबर उकरणे हा त्या काळी अपराध समजला जात नसे. श्रद्धाळू माणसाला ते पुण्यकर्मच वाटे.

ओदोरिकला मैलापूरच्या चर्चमध्ये मूर्ती दिसल्या आणि शेजारी पूर्वेकडील चर्चच्या अनुयायांची पंधरा घरे दिसली. हे ख्रिस्ती इराणशी संबंध असलेले होते. त्यांच्या अस्तित्वाचा दगडी पुरावा परंगिमलै टेकडीवर आहे. १५४७ मध्ये पोर्तुगीज तेथे पाया खणीत असताना एक कोरीव क्रूस सापडला. त्याच्या कडेने पहलवी लिपीतील लेख आहे. अभ्यासक तो सर्वसाधारणपणे सातव्या-आठव्या शतकाच्या आसपासचा मानतात. असेच क्रूस केरळात कोट्टयम येथे आणि इतरत्र आहेत, आणि २००१ मध्ये गोव्यातील आगशी येथेही एक मिळाला. थॉमस यांच्यापर्यंत हा पुरावा पोचत नाही, परंतु पोर्तुगीज येण्यापूर्वी कित्येक शतके या टेकडीवर ख्रिस्ती उपासना होत होती, यात तो शंका ठेवीत नाही.

पोर्तुगीज १५१७ मध्ये काही आर्मेनियन व्यापाऱ्यांच्या मार्गदर्शनाने प्रथम येथे आले. चर्च पडझडीला आले होते आणि एक मुसलमान तेथे दिवा लावीत असे. १५२३ मध्ये त्यांनी कबर खणली. खणणाऱ्यांपैकी दियोगो फर्नांदेस याची साक्ष दहा वर्षांनंतर, १५३३ मध्ये, लिहून घेण्यात आली. बांधीव थरांच्या आणि मातीच्या खाली काही अस्थी, भाल्याचे पाते आणि मातीने भरलेले एक भांडे मिळाले, असा तिचा सारांश आहे. भाल्याचे पाते म्हटले की ‘कृत्ये’ आठवतात, मातीचे भांडे म्हटले की मार्को पोलो. खणणाऱ्यांना आपण काय शोधतो आहोत हे आधीच ठाऊक होते, ही गोष्ट साक्ष वाचताना दृष्टीआड करता येत नाही. जमिनीचे थर नोंदण्याची आजची पद्धत तेव्हा नव्हती, आणि नंतरच्या बांधकामांनी ती जागा इतकी ढवळली गेली की जुनी तपासणी पुन्हा करून पाहणे शक्य राहिलेले नाही.

पोर्तुगीजांच्या हाती आल्यावर या कबरीचे स्वरूप पालटले. १५४५ मध्ये फ्रान्सिस झेवियर येथे काही महिने राहिले. १६०६ मध्ये मैलापूर हा स्वतंत्र धर्मप्रांत झाला. मुसलमान दिवेकऱ्याची आणि सर्वांच्या यात्रेची जागा आता एका सत्तेच्या आश्रयाखाली आली, आणि या बदलाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. कपालीश्वराचे मूळ देऊळ समुद्रकाठी होते, असे जुन्या तमिळ पदांवरून दिसते. आजचे देऊळ किनाऱ्यापासून आत असून ते नंतरच्या काळातील आहे. सांथोमच्या परिसरात जुन्या देवळांचे कोरीव दगड मिळालेले आहेत. मूळ देऊळ पोर्तुगीज काळात नष्ट झाले असे अनेक अभ्यासक मानतात, आणि गेल्या काही दशकांत या प्रश्नावर कडवट लेखनही झाले आहे. देऊळ पाडले गेले असल्यास त्यावरून कबरीची परंपरा पोर्तुगीजांनी रचली असे सिद्ध होत नाही, कारण ती त्यांच्या आधीची आहे. तसेच परंपरा जुनी आहे म्हणून देवळाविषयीची तक्रार खोटी ठरत नाही. या दोन प्रश्नांची सरमिसळ करणाऱ्या लेखनापासून, ते कोणत्याही बाजूचे असो, वाचकाने सावध राहावे.

आजचे उंच मनोऱ्याचे पांढरे चर्च १८९३ ते १८९६ या काळात जुने पाडून बांधण्यात आले. १९५६ मध्ये त्याला बॅसिलिकेचा दर्जा मिळाला. १९५३ मध्ये ओर्तोनाहून थॉमस यांच्या बाहूचे एक हाड केरळात कोडुंगल्लूर येथे आणून ठेवण्यात आले; परंपरा खरी मानली, तर सोळा-सतरा शतकांनी ते परत आले. पोप दुसरे जॉन पॉल यांनी ५ फेब्रुवारी १९८६ रोजी मैलापूरच्या कबरीपाशी प्रार्थना केली. वीस वर्षांनी, २७ सप्टेंबर २००६ रोजी, पोप सोळावे बेनेडिक्ट यांनी एका प्रवचनात थॉमस पश्चिम हिंदुस्थानापर्यंत गेले आणि तेथून ख्रिस्ती धर्म पुढे दक्षिणेत पोचला, अशा अर्थाचे विधान केले. केरळात त्यावर तीव्र नापसंती व्यक्त झाली आणि अधिकृत पाठातील वाक्यरचना नंतर बदलण्यात आली. विद्वानांच्या दृष्टीने ते विधान ‘कृत्ये’ या ग्रंथाला धरूनच होते. पण ज्यांच्या घराण्यांचा वंश, विवाह आणि सामाजिक स्थान या परंपरेवर उभे आहे, त्यांना ते आपल्या पूर्वजांबद्दलचे विधान वाटले.

बॅसिलिकेच्या आवारात एक वेगळा जिना तळघरातील कबरीकडे उतरतो. या शतकाच्या आरंभी ही व्यवस्था नव्याने करण्यात आली. खाली थॉमस यांची निजलेली मूर्ती आहे. येणाऱ्यांत सर्व धर्मांचे लोक असतात आणि ते फार बोलत नाहीत. ३ जुलैला येथे मुख्य सण असतो. पश्चिमेत तो पूर्वी २१ डिसेंबरला होत असे. रोमने १९६९ मध्ये दिनदर्शिका सुधारली, तेव्हा ३ जुलै ही सिरियाक परंपरेतील तारीख स्वीकारली. केरळात हा दिवस थॉमस यांचा मृत्युदिन म्हणून पाळतात. संत जेरोम यांच्या नावाने चालत आलेल्या जुन्या हुतात्मासूचीत मात्र या तारखेखाली दुसरीच नोंद आहे : हिंदुस्थानातून अस्थी एडेसाला नेल्याचा दिवस.